बाळाच्या नावाचा अर्थ: कोश बघायचा की कुळाचार?

गोदाकाठ: परभणी-नांदेडकडं हल्ली बारशाला आत्या मोबाइलवरची यादी घेऊनच येते. यादीत ‘आरव म्हणजे शांत’ असं छापलेलं असतं. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, आरडाओरडा! ‘कियारा’ची गंमत त्याहून मोठी. इटालियन क्यारा म्हणजे उजळ, आयरिश कीरा म्हणजे काळीसावळी. इंग्रजी स्पेलिंगं जवळजवळची, म्हणून यादीवाले हवा तो अर्थ चिकटवतात. आधी नाव कुठल्या भाषेतलं ते विचारा. संस्कृत असेल तर मोनियर-विल्यम्स, मराठी असेल तर मोल्सवर्थ, दोन्ही कोश नेटवर फुकट आहेत. अरबी असेल तर मुळातली तीन व्यंजनं काढा: ह-म-द म्हणजे स्तुती, त्यातूनच अहमद, हमीद, महमूद. कोशात सापडत नाही ते नाव ठेवूच नये.

बालाघाटी: मग सटवाजी, पिराजी कुठल्या कोशात शोधणार? एक सटवाईचा, दुसरा पिराच्या नवसाचा. तुळजाराम म्हटलं की तुळजापूर, वैजनाथ म्हटलं की परळी, नागनाथ म्हटलं की औंढा, मन्मथ म्हटलं की कपिलधार, रेणुकादास म्हटलं की माहूर. आमच्याकडं नावावरून देव कळतो, एवढं पुरतं. वेरूळच्या मालोजीराजांनी पोरांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली, ती अहमदनगरच्या शाह शरीफ पिरावरून असं परंपरा सांगते. शब्दाचा मूळ धातू बघून नव्हे.

काळी_माती: बालाघाटी, जुनं ते सगळं सोनं नाही. दगडू-धोंड्याला लोक हसतात आणि पीटर मात्र चालतो. ग्रीक पेट्रोस म्हणजेही दगडच. पण दगडू ठेवायचं कारण वेगळं. पोरं जगत नसली की दृष्ट लागू नये म्हणून नाव मुद्दाम हलकं ठेवायचं. बाळ उकिरड्यावर ठेवून उचललं की उकर्डा. जपानात हिदेयोशी या सत्ताधीशानं हेच केलं: पहिल्या मुलाला ‘सुते’, म्हणजे टाकलेला; तो लहानपणीच गेला, तर पुढच्याला ‘हिरोई’, म्हणजे सापडलेला. तुर्कीत ‘दुरसुन’ म्हणजे टिकून राहू दे. यात माया आहे. ‘नकुशा’त नाही. तुर्कीतलं ‘येतेर’ (पुरे झालं) आणि चिनी ‘लाइदी’ (धाकटा भाऊ येऊ दे) त्याच रांगेतली. २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात नकुशांची नावं सरकारी कार्यक्रमात बदलावी लागली. हाही कुळाचारच म्हणायचा का?

बालाघाटी: नकुशाला कुळाचार कोण म्हणतंय? उगा दोन्ही एका पोत्यात भरू नका.

दाखला_खिडकी: तुमचं भांडण चालू द्या, कागदाचं तेवढं ऐका. जन्म २१ दिवसांत नोंदवा, नाव ठरलेलं नसलं तरी नोंद होते. नाव पुढं १२ महिन्यांत फुकट घालता येतं, त्यानंतर विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. म्हणून घाईत यादीतलं नाव लिहू नका. १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांचा क्रम असा: बाळ, आई, वडील, आडनाव. चार शब्द होतात, पहिला आटोपशीर ठेवा. ‘ज्ञानेश्वर’चं स्पेलिंग मराठी रीतीनं डी-एन-वाय, हिंदी रीतीनं जी-वाय; दाखल्यावर एक आणि आधारवर दुसरं असलं की पुढं हेलपाटे. वैजनाथ-वैजिनाथचंही तेच. आणि अब्दुल करीम हे एकच नाव आहे, ‘करीमचा बंदा’. अब्दुल नावात आणि करीम आडनावात टाकला की पासपोर्टला अडकतं.

गोदाकाठ: हे कामाचं. पण आजची निम्मी विचित्र नावं नावरासेच्या अक्षरापायी जन्मतात. २७ नक्षत्रं, प्रत्येकी ४ चरण, १०८ अक्षरं. आर्द्राच्या तिसऱ्या चरणाला ङ, हस्ताच्या तिसऱ्याला ण, उत्तरा भाद्रपदाच्या चौथ्याला ञ. काढा नाव!

बालाघाटी: त्याची सोय शास्त्रातच आहे: ङ ला ग, ञ ला ज, ण ला ड घ्यायचा. गुरुजींना विचारा, यादीला नको. नांदेडला शीख कुटुंबं हुकमनाम्यातल्या (गुरू ग्रंथ साहिब उघडून निघालेल्या वचनातल्या) शबदाचं पहिलं अक्षर घेतात; गुरप्रीत मुलाचंही, मुलीचंही, पुढं सिंघ किंवा कौर लागलं की कळतं. अक्षर ठरलेलं असूनही त्यांचं अडत नाही.

काळी_माती: त्यांचं अक्षर शबदातून येतं हो, ङ सहसा येत नाही. आणि ण चा ड केल्यावर डमरूधर सोडून काय उरतं, तेही सांगा.