कक्षा बदलते, मान्य. पण वेग बघा

हवामान बदलाबद्दल एकांनी विचारलंय, "पृथ्वीची कक्षाच बदलते, तर गाड्यांच्या धुराला कशाला नावं ठेवायची?" यातला पहिला भाग शंभर टक्के खरा आहे. सर्बियाचे शास्त्रज्ञ मिलांकोविच यांनी कक्षेतल्या बदलांचं आणि हवामानाचं हे सगळं गणित संगणकाशिवाय मांडलं, हे वाचून आजही थक्क व्हायला होतं.

पुण्यात मेच्या मध्यावर शून्य सावली (भर दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर आल्याने सावली नाहीशी होणं) बघायला आपण गच्चीवर बाटली उभी करतो ना, तो पृथ्वीच्या कललेल्या आसाचाच खेळ. हा कल २२.१ ते २४.५ अंशांत झुलतो, एक फेरा सुमारे ४१ हजार वर्षांचा. सध्या तो कमी होतोय, म्हणून कर्कवृत्त दरवर्षी साधारण १४-१५ मीटर दक्षिणेला सरकतं.

पावसाच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट वेगळीच. आज पृथ्वी सूर्याच्या सगळ्यात जवळ असते जानेवारीच्या सुरुवातीला. सुमारे ११ हजार वर्षांपूर्वी ती ऐन उत्तर गोलार्धाच्या उन्हाळ्यात, म्हणजे जूनच्या सुमारास, जवळ असायची. जमीन जास्त तापायची, मान्सून दणकून यायचा. नंतर काही हजार वर्षं सहारातही तळी आणि गवताळ राने होती!

आता वेगाचं. हिमयुग ओसरताना उष्णता धरून ठेवणारा कार्बन डायऑक्साइड वायू हवेच्या दशलक्ष भागांत १८० वरून २८० वर जायला हजारो वर्षं लागली. २८० वरून ४२० च्या पुढे आपण इंधन जाळून पावणेतीनशे वर्षांच्या आतच गेलो. आणि उत्तर गोलार्धातलं उन्हाळी ऊन तर गेली कित्येक हजार वर्षं घटतंय. म्हणजे नुसत्या कक्षेच्या हिशोबाने आपण हळूहळू गार व्हायला हवं होतं.