बैठकीत किती कार्पेट लागन? (फॅमिली ग्रुप)

दादा: राम राम सगळ्याइले. आईले सोमवारी दवाखान्यातून घरी आनतो. डॉक्टरनं दोन महिने वॉकर सांगतला आन थंड फरशीवर पाय टेकू देऊ नका म्हणे. आपली शहाबादी तं आतापासूनच सकाळी पाय ठेवू देत नाही, आन खरी थंडी तं अजून पुढंच हाय. म्हून बैठक, आईची खोली आन मांगची खोली, तिन्हीत कार्पेट टाकाचं ठरवलं. परवा संत्र्याची गाडी नागपूरले कळमन्याच्या मार्केटात जाते, येताना खालीच येते, त्याच्यात माल येऊन जाईन. भाऊजी तुमी पाहून ठेवता का इतवारीत

भाऊजी (नागपूर): हो दादा, काल ड्युटी सुटल्यावर जाऊनच आलो. आखूड लवेचं, म्हणजे वरचे धागे आखूड असलेलं, चांगलं आहे, 70 रुपये स्क्वेअर फूट, जाडी 8 मिलिमीटर. मऊ पण आहे आणि वॉकर फसणार नाही. दुकानदार म्हणतो एरिया सांगा, बाकी आम्ही पाहतो

मामा: सतरंज्या हायेत ना बाप्पा घरात चार-चार. त्या कायले नाही चालत

ताई (पुणे): मामा सतरंजी सरकते हो. वॉकरचा पाय तिच्यावर टेकला आणि ती घसरली तर सगळं ऑपरेशन पाण्यात. माझ्या सासूबाईंच्या फिजिओथेरपिस्टने पहिल्याच दिवशी घरातल्या सुट्या सतरंज्या आणि पायपुसणी उचलायला लावली होती

मामा: मंग बरोबर हाय. टाका

छोटू: मोजलं मी. बैठक 17.6 × 11.4, आजीची खोली 11 × 10, मागची 13.6 × 9

ताई (पुणे): केला हिशोब. 200.64 + 110 + 122.4, सगळे मिळून 433 स्क्वेअर फूट. 70 ने 30,313 रुपये. 435 सांगून टाका भाऊजी, मी माझा वाटा आत्ताच पाठवते

वहिनी: थांबा ताई, ऑर्डर नका देऊ अजून. छोटूनं 17.6 लिहिलं ते 17 फूट 6 इंच हाय, कॅल्क्युलेटरले ते 17.5 सांगा लागते. फुटात 12 इंच असतात, 10 नाही. 11 फूट 4 इंच म्हंजे 11.33. आता इथं फरक 2-3 फुटाचाच पडला म्हून समजत नाही, पण कोणी 11 फूट 10 इंचाले 11.10 टाकलं तं मशीन ते 11.1 समजते, ते असते 11.83, तिथंच पावणेनऊ इंच कापड कमी. दुकानदाराले पाठवाचं ते फूट आन इंच वेगवेगळं लिहून पाठवाचं, पॉइंट टाकाचाच नाही

छोटू: ओके आई. मग 198.3 + 110 + 121.5 = जवळपास 430

वहिनी: हो, ही झाली जागा. पण जागा 430 हाय म्हून कार्पेट 430 लागन असं नाही. भाऊजी त्या रोलचा पन्हा किती हाय?

भाऊजी (नागपूर): पन्हा म्हणजे रुंदी ना? दोन आहेत वहिनी. एक 12 फूट, एक 2 मीटर. मी तर 2 मीटरवाला घेऊन राहिलो होतो, गाडीत आरामात बसतो

वहिनी: मंग ऐका. कार्पेट म्हंजे शेवटी कापडच. गिऱ्हाईक ब्लाउजपीस घेऊन येते तवा मी पहिले पन्हा पाहतो, मीटर मंग. 36 च्या पन्ह्यात बाही बसते का नाही यावरच किती कापड घ्या ते ठरते. इथं बी तसंच. खोली पन्ह्यात कशी बसते ते कागदावर काढून पाहा लागते, आन दुकानदार पन्हा गुनिले लांबी याचे पैसे घेईन, तुमच्या खोलीच्या एरियाचे नाही. खोलीच्या बाहेर जे उरन ते बी आपल्याच पैशाचं

वहिनी: आन भिंतीले भिंत लावून माप घेतलं तसंच कापाचं नसते, दोन्हीकून 3-3 इंच जास्त धरा लागते, टाकल्यावर भिंतीपाशी कापून बसवाचं. म्हंजे प्रत्येक मापात 6 इंच मिळवा

मामा: छोटू, तू बैठकीचं माप किती जागी घेतलं रे?

छोटू: एकाच जागी, दारापासून समोर

मामा: असं नाही चालत बेटा. आपलं घर मातीच्या भिंतीचं, खाली काळी माती. पावसाळ्यात फुगते, उन्हाळ्यात भेगा पडतात, भिंती कुठं ना कुठं सरकलेल्याच असतात. रुंदी तीन जागी घेजो, दोन टोकं आन मधात, लांबी बी तशीच, आन सगळ्यात मोठं असन ते धरजो. टेप जमिनीवर टेकवून मोजजो, छातीच्या उंचीवर नको, मातीच्या भिंतीले मधात पोट असते, वरतं घेतलं का माप कमी येते. आन तुह्या आईचा कापडी टेप वापरू नको, तो ताणला जाते

छोटू: आबा, स्टीलचा टेप 5 मीटरचाच आहे, बैठक त्याच्यापेक्षा लांब आहे

मामा: मंग 10 फुटावर खडूनं रेघ मार, तिथून पुढचं मोज, आन दोन्ही मिळव. अंदाजानं नाही. आन दोन्ही कर्ण बी घे, या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात. दोन्ही सारखे आले तं खोली काटकोनात, फरक आला तं तिरपी

दादा: मामा मी बी जातो त्याच्यासंग, टेपचं दुसरं टोक कोणीतरी धरा लागते

छोटू: घेतलं. बैठक रुंदी 11 फूट 1 इंच, 11 फूट 3 इंच, 11 फूट 4 इंच. लांबी 17 फूट 6 इंच सगळ्यात जास्त. कर्ण एक 20 फूट 8 इंच, दुसरा 21 फूट. बाकी दोन खोल्या पहिल्यासारख्याच

मामा: 4 इंचाचा फरक म्हंजे एक भिंत दोन-अडीच इंच तिरपी. ते तुह्या आईनं सोडलेल्या 6 इंचात निभून जाते

वहिनी: मी वहीवर काढलं, फोटो पाठवतो. 12 च्या पन्ह्यात बैठक: 11 फूट 4 इंच अधिक 6 इंच म्हंजे 11 फूट 10 इंच, पन्ह्यात बसली, 2 इंच उरले. लांबी 18 फूट. आजीची खोली: 11 फूट 6 इंच पन्ह्यात, 10 फूट 6 इंच लांबी. हेच फिरवून घेतलं असतं तं लांबीत साडेअकरा लागले असते, म्हंजे 12 स्क्वेअर फूट फुकट जास्त. मांगची: पन्ह्यात साडेनऊ, लांबीत 14. आता लांब्या मिळवा, 18 अधिक साडेदहा अधिक 14, साडेबेचाळीस फूट. गुनिले 12, बरोबर 510

ताई (पुणे): 430 ची जागा आणि 510 घ्यायचं? 80 फूट म्हणजे 5,600 रुपये वहिनी

वहिनी: ताई ते टाळता येत नाही, आन 2 मीटरवाल्यात याच्याहून जास्त जाते. त्याचा पन्हा साडेसहा फुटाचा, कोणतीच खोली एका पट्ट्यात बसत नाही, तिन्हीत दोन-दोन पट्टे लागतात. 234, साडे136 आन 182, टोटल साडे552. वरून बैठकीच्या मधोमध जोड येते, आन सासूबाईचा वॉकर दिवसातून किती खेपा तिथून जाईन. जोड कितीही चिकटवला तं काही दिवसांनी काठ उठतोच. मले त्या वाटेवर एकही जोड नको

भाऊजी (नागपूर): हे पटलं वहिनी. दुकानदारानं हे सांगितलंच नाही. मग 12 फुटीच घेतो, साडेबेचाळीस फूट?

वहिनी: अजून एक गोष्ट पाहा लागते, लव. मखमल पाह्यली ना तुमी, एका बाजूनं हात फिरवला तं चमकते आन उलटा फिरवला तं गडद दिसते. मखमलीचा ब्लाउज शिवताना पाठ आन पुढा एकाच दिशेनं कापला नाही तं दोन रंगाचं कापड वाटते. याचंबी तेच. लव रोलच्या लांबीकडं झुकलेली असते. आपल्या बैठकीची लांबी पूर्व-पश्चिम, आजीच्या खोलीतबी रोलची लांबी पूर्व-पश्चिमच येते, म्हून दारातून पाह्यलं तं रंग सारखाच दिसन. मी हे जुळवूनच काढलं हाय

मामा: सूनबाई बम डोकं लावलं. पण मले मांगच्या खोलीचा भरवसा नाही वाटत. त्या भिंतीच्या पलीकडं न्हाणी हाय ना?

दादा: हो मामा, भिंतीले लागूनच

मामा: मंग आज तिन्ही खोल्यात एकेक पन्नी टाका, हातभर लांब हातभर रुंद, चारही काठ चिकटपट्टीनं फरशीले बंद करा आन उद्या याच टायमाले उघडून पाहा. पन्नीच्या खालून पाणी सुटलं तं ओल वरतं येऊन राह्यली. तिथं कार्पेट टाकलं तं खालून सडन, वास सुटन, उधई लागन. मांगची पन्नी न्हाणीच्या बाजूनंच टाकजा

दादा: टाकतो आत्ताच. गाडी परवा हाय, एक दिवस हातात हाय

(दुसऱ्या दिवशी संध्याकाळी)

दादा: पन्न्या काढल्या. बैठक कोरडी, आईची खोली कोरडी. मांगच्या खोलीत पन्नीले खालून थेंब, फरशी काळी पडली. मामा बरोबर निघाले

मामा: मंग तिथं टाकू नका. न्हाणीची नाली पहिले दुरुस्त करा, कार्पेटचं मंग पाहू. मांगच्या खोलीत तुमच्या आईचं तसंबी काही काम नसते

ताई (पुणे): हो, आई तिकडे जाणारच नाही सध्या. मग फक्त दोन खोल्या. 18 आणि साडेदहा, साडेअठ्ठावीस फूट?

वहिनी: त्याच्यात 2 फूट जास्त घ्या भाऊजी. बैठकीतून आजीच्या खोलीत जाताना दाराची भिंत दीड फूट जाड हाय, ती जागा आपण मोजलीच नव्हती. मांगच्या खोलीतून अडीच फुटाची पट्टी उरत होती, तिच्यातून काढणार होतो, पण त्यात लव आडवी आली असती. आता 2 फूट जास्त घेतलं तं 12 फुटाच्या पन्ह्यात 4-4 फुटाचे तीन तुकडे पडतात आन तिन्हीची लव बैठकीसंग जुळते. एक दारात, एक देव्हाऱ्यापुढं, सासूबाई तिथं खुर्चीवर बसून पूजा करतीन, आन एक ठेवून देऊ. कुठं जळलं का डाग पडला तं त्याच रंगाचा तुकडा नंतर दुकानात भेटत नाही

छोटू: म्हणजे साडेतीस फूट × 12 = 366. 70 ने 25,620

ताई (पुणे): आणि आपण 30 हजाराचं घेऊन चाललो होतो, तेही जोडाजोडी करत. वहिनी तुम्ही शेजारी असता तर आत्ता मिठी मारली असती. आईसाठी एवढं बारीक कोण पाहतं

वहिनी: तुमची आई तशी माही बी ना ताई. मले लग्नानंतर मशीन त्यांनीच घेऊन देल्ली, शिवणाच्या क्लासले त्यांनीच पाठवलं

मामा: दाराच्या खाली फट किती हाय ते पाह्यलं का? कार्पेटवर दार घासलं तं दार रंदा लागन

छोटू: आजीच्या खोलीचं दार आत उघडतं. फट अर्धा इंच

मामा: 4 सूत. म्हंजे साडेबारा मिलिमीटरच्या जवळपास. भाऊजी 8 सांगतात, तं निघून जाईन

भाऊजी (नागपूर): दुकानदार मीटरमध्ये कापतो. साडेतीस फूट म्हणजे 9.30 मीटर, बरोबर ना? बिल पन्ह्यावर, 3.66 गुणिले 9.30

वहिनी: हो 9 मीटर 30 सेंटीमीटर. टेप रोलच्या दोन्ही काठाले लावून मोजून घेजा, एकाच काठानं मोजलं तं तिरपं कापल्या जाते. आन एकच अखंड तुकडा आना, खोल्या त्यांना कापू देऊ नका, इथं अंथरून मी कापतो. उलट्या बाजूनं खडूनं बाण काढून घेजा, लव कोणीकडं जाते त्याचा. चिकटवाले गम नको, दोन्हीकून चिकटणारा टेप घ्या, पुढं पावसाळ्यात उचला लागलं तं शहाबादी खराब नाही होणार. आन दाराच्या काठासाठी ॲल्युमिनियमची पट्टी, 4 फुटाची एक. उघडा काठ राह्यला तं वॉकर तिथंच अडकते

दादा: समोरच्या दारात?

वहिनी: तिथं नाही टाकाचं, वावरातून आलेले पाय तिथंच पडतात. चपला बाहेर, आन पायपुसणं खालून रबराचं घ्या, सरकलं नाही पाह्यजे

भाऊजी (नागपूर): एकच अडचण. 12 फुटाचा रोल पिकअपच्या डाल्यात बसणार नाही

दादा: आपला डाला 9 फुटाचा. मांगून 3 फूट बाहेर येईन. दोर डब्बल बांधतो

वहिनी: घडी मात्र करू देऊ नका कोणाले, घडीची रेघ नंतर जात नाही. गोलच राहू द्या. आन पहिले पन्नीत गुंडाळा, डाल्यात संत्र्याचा चिकट रस असते

दादा: हो. डाला धुवूनच निघतो. भाऊजी मी कळमन्यावरून खाली झालो का फोन करतो, अकराच्या आसपास. दोन मजूर पाहून ठेवजा उचलाले, आन मांगच्या टोकाले बांधाले एक लाल फडकं

भाऊजी (नागपूर): ठेवतो. ॲडव्हान्स आत्ता देऊन आलो, पावती टाकतो ग्रुपवर