एअर नाउरू नक्की बुडाली कशी? आणि एवढी विमानं घेतली कशाला?

उडता_कावळा

मंडळी, मला जुन्या विमानांचे फोटो बघायचा नाद आहे. परवा असंच बघत बसलो होतो तर एअर नाउरूचं बोइंग ७२७ दिसलं, मग त्यांचंच ७३७, मग अजून एक. नकाशा उघडला तर नाउरू म्हणजे पॅसिफिकमध्ये विषुववृत्ताजवळ एक ठिपका, क्षेत्रफळ २१ चौरस किमी आणि तेव्हाची लोकसंख्या आठेक हजार. म्हणजे आपल्याकडे एखाद्या ग्रामपंचायतीने जेट विमानं पाळावीत तसा प्रकार. हे परवडलं कसं आणि बंद कधी पडलं? कोणाला नीट माहीत असेल तर सविस्तर लिहा, घाई नाही.

खतवाला

पैसा फॉस्फेटचा. मी खताच्या धंद्यात आहे म्हणून या बेटाचं नाव ऐकून आहे. बेटाचा बहुतेक भाग म्हणजे एक नंबर क्वालिटीचं रॉक फॉस्फेट होता. विसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून खोदकाम चालू, पहिल्या महायुद्धानंतर ब्रिटन, ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड या तिघांनी मिळून एक सरकारी मंडळ (कमिशन) काढलं आणि माल बाजारभावापेक्षा स्वस्तात आपापल्या शेतकऱ्यांना घातला, बेटावरच्या लोकांच्या हातात चिल्लर. ३१ जानेवारी १९६८ ला स्वातंत्र्य मिळालं, मग २.१ कोटी ऑस्ट्रेलियन डॉलर मोजून खाणीचा धंदा स्वतःच्या ताब्यात घेतला, आणि १९७० ला एका छोट्या बिझनेस जेटवर एअर नाउरू सुरू. पुढे १९७४ च्या आसपास फॉस्फेटचे भाव असले भडकले की विचारू नका. दरडोई उत्पन्नात जगातल्या पहिल्या काही देशांत नाव, टॅक्स नाही, दवाखाना फुकट, शाळा फुकट. अशा वेळी विमानं घेणार नाहीत तर काय.

८० च्या दशकाच्या सुरुवातीला ७२७ आणि ७३७ धरून अर्धा डझनाच्या आसपास जेट होती. एका ७३७ मध्ये शंभराच्या वर सीट, हिशोब करा, सगळी एकदम उडवली तर देशातली जवळजवळ दहा टक्के जनता हवेत!

मेलबर्नची_माई

खतवाला, भारी माहिती. मी इथे मेलबर्नमध्ये राहते, कॉलिन्स स्ट्रीटवर ५२ मजली नाउरू हाऊस होतं, १९७७ ला बांधून झालं तेव्हा शहरातली सगळ्यात उंच इमारत. फॉस्फेट पक्ष्यांच्या विष्ठेचं म्हणून इथल्या लोकांनी तिला काय नाव ठेवलं असेल ते तुमचं तुम्ही ओळखा, इथे लिहीत नाही. बिल्डिंग अजून आहे पण मालक वेगळे, २००४ मध्ये कर्जापायी हातातून गेली. विमान कंपनीची गोष्ट त्याच गोष्टीतला एक तुकडा आहे असं मला वाटतं, कारण खाणीचा पैसा एका ट्रस्टमध्ये जायचा आणि तिथून इमारती, हॉटेलं, कोणाचे तरी सल्ले... १९९३ मध्ये लंडनला लिओनार्दो दा विंचीवरच्या एका म्युझिकलमध्येसुद्धा पैसे घातले होते, ते आपटलं. खोटं वाटेल पण खरं आहे.

शंकेखोर

वर सगळे हसतायत म्हणून थोडं उलट लिहितो. विमानं जास्त घेतली हे मान्य, पण विमान कंपनी काढली यात मूर्खपणा काहीच नव्हता. नाउरूला तेव्हा मोठ्या जहाजांचं बंदर नव्हतं. चारी बाजूंनी प्रवाळाची कड, मोठं जहाज किनाऱ्याला लागतच नव्हतं, फॉस्फेटसुद्धा समुद्रात पुढे काढलेल्या लोखंडी हातांवरून जहाजात ओतायचे आणि बाकीचा माल तराफ्यांवर उतरवायचे. आजारी माणूस ऑस्ट्रेलियाला न्यायचा तर विमानच. एअर नाउरू म्हणजे मुक्कामी एसटी होती हो, ती चुकली की माणूस तिथेच. फक्त यांनी एसटी गावापुरती न ठेवता मनिला, हाँगकाँग, कागोशिमा, ओकिनावा, ग्वाम, फिजी असं जाळं विणलं. त्यांना वाटलं पॅसिफिकमधली बाकीची बेटं पण आपल्याच गाडीत बसतील. काही बसली, किरिबाती आणि मार्शल बेटांना खरंच फायदा झाला, पण सीट बहुतेक रिकाम्या. त्यात राष्ट्राध्यक्षांना कुठे जायचं असलं की विमान तिकडे वळवायचे आणि तिकीट काढलेले प्रवासी विमानतळावर ताटकळत, असेही किस्से आहेत.

१९८८ मध्ये पायलटांचा संप आणि सेफ्टीवरून वाद झाले, कंपनी काही काळ जमिनीवरच. मग हळूहळू विमानं विकत विकत शेवटी एक ७३७ उरलं. एकच. ते बिघडलं की देश बंद.

उडता_कावळा

आईशप्पथ. मग ते शेवटचं एक कुठे गेलं?

शंकेखोर

जप्त झालं. अमेरिकेच्या एक्स्पोर्ट-इम्पोर्ट बँकेचं कर्ज थकलं होतं, कोर्टकचेऱ्या झाल्या आणि डिसेंबर २००५ मध्ये मेलबर्नला विमान ताब्यात घेतलं. पुढचे काही महिने नाउरूला स्वतःचं विमान नाही, भाड्याची व्यवस्था करून कसंतरी चालवलं, आणि किरिबातीचेही हाल झाले कारण त्यांचाही भरवसा त्याच विमानावर. एअर नाउरू हे नाव तिथे संपलं असं धरायला हरकत नाही.

खतवाला

धरायला हरकत आहे :) २००६ मध्ये तैवानच्या मदतीने एक ७३७-३०० आलं आणि तीच कंपनी 'अवर एअरलाइन' नावाने पुन्हा उडायला लागली, २०१४ ला परत नाव बदलून नाउरू एअरलाइन्स. म्हणजे मेली म्हणायची की पाटी बदलली? आणि तैवानने मदत उगाच नाही केली, २००२ मध्ये नाउरूने तैवानला सोडून चीनला मान्यता दिली होती, २००५ च्या मे महिन्यात परत तैवानकडे आले, पुढच्या वर्षी विमान. फॉस्फेट संपल्यावर विकायला जे उरलं ते विकलं. २०२४ च्या जानेवारीत पुन्हा चीन.

मेलबर्नची_माई

विकायला उरलं यात ऑस्ट्रेलियाकडे आश्रय मागायला आलेल्यांची छावणी पण धरा, २००१ पासून. त्यावर बोलायला नको, धागा भरकटेल.

एक वेगळीच गोष्ट सांगते. दुसऱ्या महायुद्धात जपान्यांनी बेट घेतलं, आजची धावपट्टी मूळ त्यांनी बांधून घेतलेली, आणि १९४३ मध्ये १२०० नाउरूकरांना पॅसिफिकमधल्याच ट्रूक बेटांवर मजुरीला नेलं. १९४६ च्या ३१ जानेवारीला परत आले ते ७३७ जण. म्हणून स्वातंत्र्याचा दिवस पण ३१ जानेवारीच ठरवला. विमानाच्या मॉडेलशी आकडा जुळणं हा निव्वळ योगायोग, पण हे वाचल्यापासून एअर नाउरूच्या ७३७ वर हसू येत नाही मला.

उडता_कावळा

माई, हे अजिबात माहीत नव्हतं. सगळ्यांचे आभार, खतवाला आणि शंकेखोर तुमचं मेली-की-पाटी-बदलली चालू द्या. आता जायचीच इच्छा झाली आहे, धावपट्टीला लागून रस्ता आहे आणि विमान उतरताना गाड्या थांबवतात असं वाचलं, संसद पण विमानतळासमोरच आहे म्हणे. मुंबईहून कसं जायचं?

शंकेखोर

ब्रिस्बेन गाठा, तिथून नाउरू एअरलाइन्स. नाउरूचा व्हिसा आधी काढावा लागतो आणि ऑस्ट्रेलियाचा ट्रान्झिटचाही बघून घ्या. परतीचं तिकीट एक-दोन दिवस मोकळं सोडून काढा, फ्लाइट रोज नाही.