हौशी रंगभूमीवरून मालिका-सिनेमाकडे: मुंबई कधी गाठावी, टेप कशी पाठवावी?

परभणीकर_विंगेत:

वय २४, उंची ५ फूट ७ इंच, बी.कॉम. परभणीच्या हौशी संस्थेत चार वर्षं काम, राज्य नाट्य स्पर्धेच्या प्राथमिक फेरीत अभिनयाचं एक रौप्यपदक. कॅमेऱ्याचा अनुभव नाही. मालिकांसाठी दोन टेप (स्वतः चित्रित केलेले ऑडिशनचे व्हिडिओ) पाठवल्या, उत्तर आलं नाही. जाणकारांनी चार गोष्टी सांगाव्यात. टेपमध्ये नेमकं काय बघतात? नाटकातलं काय टाकून द्यावं लागतं? मुंबईत राहायला कधी जावं? आणि एकाने 'आर्टिस्ट कार्ड'साठी १५ हजार मागितलेत, ते लागतं का?

---

तिसरी_घंटा:

शेवटचं आधी. द्यायचे नाहीत. ऑडिशनला असलं कुठलंही कार्ड लागत नाही. 'सिंटा' ही कलाकारांची संघटना आहे, तिचं सभासदत्व काम मिळायला लागल्यावर घेतात, आणि ते संघटनेच्या कार्यालयातूनच. नोंदणी, पोर्टफोलिओ, वर्कशॉप, गणवेश असल्या कुठल्याही नावाखाली कामाआधी पैसे मागणारा माणूस कास्टिंगचा नाही.

आता टेप. उत्तर न येणं म्हणजे नापसंती नव्हे. नकार कळवायची या धंद्यात रीतच नाही, निवड झाली तरच फोन वाजतो. पण टेप उघडलीच गेली नाही असंही होतं, आणि ते मात्र आपल्या हातात आहे. नेहमीची चूक म्हणजे ड्राइव्हची लिंक पाठवायची आणि तिची परवानगी खुली करायची नाही. दिवसाला शेकडो टेपा बघणारा सहायक परवानगी मागत बसत नाही, पुढे जातो. लिंक आधी दुसऱ्याच्या फोनवर उघडून बघा. व्हॉट्सॲपवर पाठवायची तर डॉक्युमेंट म्हणून जोडा; साधा व्हिडिओ म्हणून टाकलात तर तो दाबला जातो आणि चेहऱ्याची लापशी होते. फाइलला नाव द्या: तुमचं नाव, भूमिका, वय, उंची, शहर. 'व्हिडिओ फायनल २' नावाची फाइल नंतर कुणालाच सापडत नाही.

फोन आडवा, १०८० (फुल एचडी) वर, कॅमेऱ्याचं भिंग डोळ्यांच्या रेषेत. फोन खाली टेकवून ठेवला की नाकपुड्या आणि हनुवटी दिसते, डोळे जातात. मागे साधी, फिक्या करड्या किंवा निळ्या रंगाची भिंत किंवा इस्त्री केलेली चादर, आणि तुम्ही तिच्यापासून चारेक फूट पुढे, म्हणजे मागे सावली पडणार नाही. खिडकी समोर आणि थोडी बाजूला हवी. खिडकी पाठीशी घेतली की चेहरा काळा पडतो. शुभ्र पांढरा शर्ट नको, बारीक चौकडी किंवा पट्ट्या नकोत, त्या पडद्यावर थरथरतात. चौकट छातीपासून डोक्यापर्यंत, डोक्यावर थोडीशीच जागा. फॅन बंद. परभणीच्या मे महिन्यात हा छळ आहे, पण फॅनची घरघर संवादाखालून काढता येत नाही.

समोरचे संवाद वाचायला माणूस घ्या आणि त्याला भिंगाला चिकटून उभं करा, तुमची नजर त्याच्या डोळ्यांत. तो दूर बाजूला उभा राहिला तर कॅमेऱ्याला फक्त तुमचा कान आणि गाल मिळतो. त्याला हळू आणि सपाट वाचायला सांगा. तो फोनजवळ असतो, त्याने जीव ओतून वाचलं की आवाज त्याचाच भरतो आणि टेप त्याची होते.

सुरुवातीचा परिचय तीस-चाळीस सेकंदांचा. नाव, वय, उंची, सध्या कुठे राहता, कोणत्या भाषा येतात, तारखा मोकळ्या आहेत का. हा भाग भिंगात बघून. मग डावी बाजू, उजवी बाजू, हात पुढे-मागे, एक पूर्ण उंचीचा शॉट. परिचयात अभिनय नको. रौप्यपदक एका वाक्यात सांगा, स्पर्धांची जंत्री नको.

---

मार्कावर_उभा:

वरचं सगळं बरोबर आहे, पण उघडलेली टेप पडते ती बहुधा अभिनयावरच.

नाटकवाल्याला पहिला सल्ला मिळतो 'कमी कर'. माझ्या मते हा अर्धवट सल्ला आहे. तो ऐकून माणूस आवाज खाली आणतो, चेहरा गोठवतो आणि आतली ऊर्जाही घालवतो. मग मेलेला अभिनय दिसतो आणि त्याला सहज अभिनय म्हणतात! कमी करायचं नसतं, अंतर बदलायचं असतं. नाट्यगृहात तुम्ही शेवटच्या रांगेतल्या माणसाशी बोलत असता, इथे ऐकणारा तीन फुटांवर आहे. हेतू तेवढाच तीव्र ठेवा, आवाज त्या अंतराचा करा. कॉलर माइक तोंडापासून वीतभर अंतरावर असतो, आवाजाची फेक लागत नाही. पण वाक्याच्या शेवटचे शब्द गिळू नका, ती सवय मात्र रंगभूमीचीच टिकवायची.

सराव असा करा. पाठ असलेला एकच उतारा तीन चौकटींत घ्या: पूर्ण उंची, कंबरेपासून वर, फक्त चेहरा. तिन्ही टीव्हीवर लावून आवाज बंद करून बघा. चेहऱ्याच्या चौकटीत भुवया प्रत्येक शब्दावर उड्या मारताना दिसतील, डोकं होकारासारखं हलताना दिसेल. लांबवरच्या प्रेक्षकासाठी जडलेल्या सवयी आहेत त्या. बुबुळांचंही बघा. सहकलाकाराच्या दोन्ही डोळ्यांत आळीपाळीने बघितलं की क्लोजमध्ये (फक्त चेहऱ्याच्या शॉटमध्ये) बुबुळं भिरभिरतात. त्याचा कॅमेऱ्याच्या बाजूचा एकच डोळा धरायचा.

दुसरं, कंटिन्युइटी, म्हणजे प्रत्येक टेकमध्ये हालचाली जुळणं. नाटकात प्रत्येक प्रयोगाला कप वेगळ्या शब्दावर उचलला तरी चालतं. सेटवर आधी मास्टर (पूर्ण प्रसंगाचा रुंद शॉट) होतो, मग तोच प्रसंग सहकलाकाराच्या खांद्यावरून, मग क्लोज. मास्टरमध्ये 'आई' या शब्दावर डाव्या हाताने कप उचललात तर पुढच्या प्रत्येक वेळी तोच हात, तोच शब्द. नाही जुळलं तर संकलक तुमचा चांगला क्लोज टाकून देतो, कारण तो जोडताच येत नाही. म्हणून मास्टरमध्येच हातांची कामं मोजकी ठेवा आणि ठरावीक शब्दांना बांधून टाका. खाण्याच्या सीनमध्ये नवखा माणूस पहिल्या टेकला भुरके मारतो आणि आठव्या टेकपर्यंत त्याचं पोट फुटायला येतं.

तिसरं, मार्क. जमिनीवर चिकटपट्टीची खूण असते, खाली न बघता तिथेच थांबायचं. क्लोजची लेन्स लांब असते, वीतभर पुढे गेलात तरी चेहरा फोकसमधून जातो. सोपी रीत: मार्कावर उभे राहा, तिथून सुरुवातीच्या जागेपर्यंत उलटे चालत जा आणि पावलं मोजा. टेकमध्ये तेवढीच पावलं पुढे.

आणि क्लोज चालू असताना सहकलाकाराच्या वाक्यावर आपलं वाक्य चढवू नका. नाटकात त्याने रंगत येते, इथे दोन आवाज एकमेकांत अडकतात आणि कापायला जागाच उरत नाही. चढवून हवं असेल तर दिग्दर्शक सांगतो.

---

दादर_ते_मढ:

मुंबईचा प्रश्न राहिलाय. माझं मत: आत्ता नको. टेपवरून बोलावणी येऊ लागली आणि महिन्याला दोन-तीन फेऱ्या व्हायला लागल्या की मग खोली बघा. तोपर्यंत देवगिरी एक्स्प्रेसने रात्री निघून सकाळी ठाण्याला उतरता येतं. हिंदीची बरीच ऑडिशन अंधेरी पश्चिमेला, वर्सोव्याच्या आसपास चालतात. ठाण्याहून लोकलने घाटकोपर, तिथून मेट्रोने वर्सोवा. शूटिंग मात्र गोरेगावची फिल्मसिटी, मढ, ठाण्याचा घोडबंदर रोड, मिरा रोड, नायगाव असं विखुरलेलं. त्यामुळे 'अंधेरीतच राहायला हवं' हा समज महागात पडतो.

शिवाय सगळं मुंबईतच होतं हेही आता खरं नाही. २०१६-१७ पासून कोल्हापूर, सातारा, वाई भागात मराठी मालिकांची मोठमोठी चित्रीकरणं झाली आणि छोट्या भूमिकांना तिथले हौशी कलाकार लागले. बाहेरगावच्या युनिटला स्थानिक माणूस परवडतो, कारण त्याच्या राहण्याचा खर्च वाचतो.

पैशांचं आधीच समजून घ्या, नाहीतर सहा महिन्यांत सामान बांधून परतावं लागतं. मालिकेत मानधन दिवसावर ठरतं, शिफ्ट बारा तासांची. पैसे मात्र ९० दिवसांनी येतात. म्हणजे जूनमध्ये केलेल्या कामाचे सप्टेंबरात, तेही १० टक्के टीडीएस कापून. उत्पन्न करपात्र नसेल तर तो टीडीएस विवरणपत्र भरून परत मिळतो. भरत नाहीत त्यांचा तिथेच राहतो. बी.कॉम. आहात, हे तुम्हाला सांगायला नको. कोऑर्डिनेटरमार्फत (काम मिळवून देणाऱ्या मध्यस्थामार्फत) काम आलं तर तो मानधनातून कमिशन घेतो, ते काम झाल्यानंतर आणि पैसे आल्यानंतर. म्हणून मुंबईला जाताना किमान सहा महिन्यांचं भाडं आणि जेवण गाठीशी हवं.

भूमिका नक्की करताना हे विचारा, आणि उत्तर मेसेजवर लेखी घ्या: दिवसाचं मानधन किती, महिन्याला किमान किती दिवस, प्रवासखर्च त्यात धरलाय का, कपडे कोणाचे, पैसे किती दिवसांनी. मोठी भूमिका असेल तर करारात दुसरीकडे काम करायची बंदी असते. तिथे नाटकाच्या तारखांची सवलत आधीच लिहून घ्या. सही झाल्यावर मागितली तर मिळेलच असं नाही, आणि मग रविवारच्या प्रयोगासाठी प्रॉडक्शनच्या दारात ताटकळावं लागतं.

आणखी एक. गर्दीतल्या कामाला 'छोटा रोल आहे' म्हणून बोलावतात. ज्युनिअर आर्टिस्टचं काम कमीपणाचं नाही, पण त्याच मालिकेत चेहरा एकदा दिसला की पुढे तिथे भूमिका द्यायला कास्टिंग कचरतं. संवाद आहेत का, पात्राला नाव आहे का, एवढं निघण्याआधी विचारा.

---

बोलीभाषा_जिंदाबाद:

दादर_ते_मढ यांच्याशी मुंबईबाबत सहमत, पण तुम्ही सगळे थेट टेपवरच उडी मारताय. २४ व्या वर्षी शिकायला वेळ आहे. पुण्याचं ललित कला केंद्र, मुंबई विद्यापीठाची नाट्यकला अकादमी, संभाजीनगरच्या विद्यापीठाचा नाट्यशास्त्र विभाग. कोणत्याही शाखेची पदवी असली तरी पदव्युत्तर शिक्षणाची चौकशी करा. शिक्षणाइतकाच दुसरा फायदा असा की पुन्हा विद्यार्थी होता. पुरुषोत्तम करंडक ही एकांकिका स्पर्धा महाविद्यालयांसाठीच आहे, युवा महोत्सवही. बी.कॉम. संपलं तेव्हा ही दारं तुमच्यासाठी बंद झाली, ती पुन्हा उघडू शकतात, नियम आधी विचारा. ज्या एकांकिका स्पर्धा जिंकतात त्यांना चतुरंग प्रतिष्ठानच्या 'सवाई' एकांकिका स्पर्धेचा रस्ता असतो, २५ जानेवारीची रात्रभर चालणारी. तिथे प्रेक्षकांत नाटक-मालिकांतली बरीच मंडळी असतात.

चांगल्या नाटकातली लक्षात राहणारी भूमिका शंभर टेपांना भारी ठरते. सदाशिव अमरापूरकर नगरच्या हौशी रंगभूमीवरचे. मुंबईत 'हँड्स अप' नाटकात दिग्दर्शक गोविंद निहलानींनी त्यांना पाहिलं आणि १९८३ च्या 'अर्धसत्य' सिनेमातला खलनायक रामा शेट्टी ते झाले. व्यावसायिक नाटकात नाइट (प्रत्येक प्रयोगाचं मानधन) मिळते, दौरे असतात, आणि शिवाजी मंदिर किंवा गडकरी रंगायतनला कास्टिंगवाल्यांना 'या बघायला' म्हणता येतं. परभणीच्या प्रयोगाला कोण येणार?

भाषेबद्दल. 'प्रमाण मराठी पक्की करा' म्हणून बोली पुसून टाकू नका. 'काय करायलास', 'मी जायलो' हे पुण्या-मुंबईच्या नटाला शिकवूनही लहेजात बसत नाही. मकरंद अनासपुरेंची मराठवाडी प्रेक्षकांनी उचलून धरली हे सगळ्यांना माहीत आहे. मात्र दोन्ही हवं. परिचय आणि एक उतारा प्रमाण भाषेत, एक अस्सल बोलीत. प्रमाण बोलताना न-ण, ळ, श-ष तपासा. टेप ऐकणाऱ्याला शंका येता कामा नये की याला एकच बोलता येतं.

---

मार्कावर_उभा:

'टेप नको, नाटक करा' हे १९८३ ला ठीक होतं. आता तेच नाटक बघून आवडलं तरी दुसऱ्या दिवशी टेपच मागतात, कारण चॅनेलला दाखवायला व्हिडिओ लागतो. लूक टेस्ट (पात्राच्या वेशातली चाचणी) आणि मॉक शूट (चाचणी चित्रीकरण) त्याच्याही पुढचं. पदव्युत्तरचा सल्ला मात्र पटला.

---

परभणीकर_विंगेत:

सगळ्यांचे आभार. कार्डवाल्याला नाही कळवलं. आता उतारा कोणता घ्यावा? स्पर्धेत गाजलेलं स्वगत पाठ आहे, साडेचार मिनिटांचं.

---

तिसरी_घंटा:

ते नको. साडेचार मिनिटं कुणी बघत नाही, पहिल्या वीस सेकंदांत ठरतं. आणि स्पर्धेचं स्वगत शेवटच्या टाळीकडे चढत जाणारं असतं, कॅमेऱ्यावर ते भाषण वाटतं. दीड मिनिटाच्या आतला, दोघांतला साधा प्रसंग घ्या. उसने पैसे परत मागणं, घरी नोकरी गेल्याचं सांगणं असं काही. त्यात ऐकण्याच्या जागा हव्यात, कारण समोरचा बोलत असताना तुमचा चेहरा काय करतो हेच बघायचं असतं. भूमिकेचे संवाद पाठवलेले असतील तर तेच करा, शब्द न बदलता. दोन टेक पाठवा, दुसरा खरोखर वेगळा हवा: एकात माणूस राग गिळतोय, दुसऱ्यात गयावया करतोय. त्याच सुरात दोनदा केलेलं असेल तर एकच पाठवा.

---

दादर_ते_मढ:

आणि फोटो राहिले. पोर्टफोलिओवर हजारो रुपये घालू नका. दिवसाच्या उजेडात, मेकअप आणि फिल्टरशिवाय चार फोटो पुरतात: चेहरा, कंबरेपासून वर, पूर्ण उंची, एक बाजूने. दाढी ठेवलीत किंवा काढलीत तर नवे काढा. फोटोत दाढी आणि ऑडिशनला तुळतुळीत, असं आल्यावर समोरचा यादी पुन्हा चाळतो आणि तेवढ्यात पुढचं नाव पुकारलं जातं.