मदत हवी आहे: एकाच शॉटमध्ये चेहरा म्हातारा करायची जुनी युक्ती जमत नाहीये

मंडळी, नाटकाची प्रकाशयोजना किंवा रंगभूषा करणारं कुणी असेल तर कृपया वाचा.

ग्वाल्हेरला, लष्कर भागातल्या मामांच्या वाड्यात आम्ही भावंडं बारा मिनिटांचा कृष्णधवल भयपट करतोय. पौषात वाड्याचा ताबा द्यायचाय, म्हणजे हाती हीच दिवाळी. वर्षानुवर्षं तरुण राहिलेल्या मालकिणीचा माडीवरच्या भाडेकरूवर जीव जडतो. तो झोपलेला असताना ती त्याच्या मनगटाला हात लावते आणि बघता बघता तिचा चेहरा सुरकुततो. मध्ये कट नको, कॉम्प्युटरची करामतही नको.

हे डोक्यात बसलं १९५७च्या 'इ व्हँपिरी' या इटालियन भयपटामुळे. दिग्दर्शक रिकार्दो फ्रेडा मधेच सोडून गेले आणि छायाचित्रकार मारिओ बावांनी तो पुरा केला. खर्चाला पैसे बेताचेच, पण त्यातली डचेस कॅमेऱ्यासमोर म्हातारी होते तो शॉट मी किती वेळा पाहिला असेल! गंमत रंगांची आहे. सुरकुत्या लाल रंगाने काढायच्या. लाल उजेडात त्या कातडीत विरतात, उजेड हिरवा-निळा केला की काळ्या होऊन वर येतात. चित्र कृष्णधवल, त्यामुळे दिवा बदललेला कळत नाही. १९३१च्या 'डॉ. जेकिल अँड मिस्टर हाइड'मध्येही हीच युक्ती होती. लहानपणी 'पुराना मंदिर' बघून मी आईला घट्ट धरून झोपलोय, तरी मला हा शॉट जास्त भिववतो. बाईची हाव तिच्याच तोंडावर उमटते.

आता अडचण. मामेबहिणीच्या तोंडावर खोबरेल तेलात कालवलेल्या कुंकवाने बारीक रेघा काढल्या. दोन हॅलोजन, एकावर लाल जिलेटिन (रंगीत पारदर्शक कागद), दुसऱ्यावर हिरवं, दोन्ही डिमरवर. लाल उजेडात रेघा गेल्या खऱ्या, पण नाक-गालही गेले, चेहरा भाकरीसारखा सपाट. हिरव्यात तिचा गव्हाळ चेहराच सगळा काळवंडला, मग रेघा वेगळ्या दिसणार कशा? शिवाय मोबाइल आपोआप उजेड सावरून घेतो, त्यामुळे ऐन बदलाच्या क्षणी चित्र भक्कन उजळतं. तीन रात्री गेल्या, बिचारीचे गाल अजून लालच आहेत.

गव्हाळ कातडीवर लाल नेमका कोणता घ्यावा, कुंकवापेक्षा फिका की नारिंगीकडे झुकणारा? हिरव्याऐवजी निळं जिलेटिन लावून बघितलंय का कुणी? लाल दिवा समोरून न लावता बाजूने लावला तर नाक-डोळ्यांचा उठाव राहील का? आणि मोबाइलमध्ये एक्स्पोजर (उजेडाचं प्रमाण), व्हाइट बॅलन्स (रंगांचा तोल) दोन्ही कुलूपबंद करून घेतलं, तर लालमधून हिरव्यात जाताना उजेड दोन्हीकडे सारखा कसा मोजायचा?

शनिवारी दिवे पुन्हा भाड्याने आणतोय. त्याआधी कुणी सांगितलंत तर फार बरं होईल.