टॉम हाऊस: साधा रिलीव्हर, मोठा कोच? की सगळी नोलन रायनची पुण्याई?

केदार_डॅलस
मागच्या रविवारी पिकनिकला एका मित्राशी जोरदार वाजलं. त्याचं म्हणणं, ज्याला स्वतःला मैदानात काही ग्रेट करता आलं नाही तो दुसऱ्याला काय शिकवणार. मी टॉम हाऊसचं नाव घेतलं आणि मग दीड तास तेच, पोहे गार झाले तरी कुणी उठेना. घरी आलो तरी डोक्यातून जात नाहीये म्हणून इथे लिहितोय.

ज्यांना बेसबॉल फारसा माहीत नाही त्यांच्यासाठी आधी थोडं. बॉल टाकतो तो पिचर. मॅच सुरू करतो तो स्टार्टर पिचर, तो दमला किंवा मार खायला लागला की मधेच येतो तो रिलीव्हर. रिलीव्हरची जागा म्हणजे बुलपेन, मैदानाच्या कडेला कुंपणामागे. तिथे तासन् तास बसायचं, समोरची मॅच बघायची, फोन वाजला की उठून हात गरम करायचा. कधी एका बॅटरपुरतं बोलावणं येतं, कधी येतच नाही.

हाऊस हा असा डावखुरा रिलीव्हर. 1971 ते 1978, अटलांटा ब्रेव्हज, मग बॉस्टन रेड सॉक्स, शेवटी सिॲटल मरिनर्स. 29 जिंकले, 23 हरले, 33 सेव्ह (आघाडी शेवटपर्यंत टिकवून दिलेल्या मॅच), ईआरए (नऊ इनिंगमागे, म्हणजे एका अख्ख्या मॅचमागे दिलेले रन) 3.79. 1974 चा एकच सीझन खरा झकास, शंभरावर इनिंग टाकून ईआरए 1.93, म्हणजे नऊ इनिंगमागे दोन रन सुद्धा नाहीत. त्यानं स्वतः सांगितलंय की काय वाट्टेल ते केलं तरी फास्टबॉल ताशी 82 मैलांच्या वर गेला नाही. 82 मैल म्हणजे साधारण 132 किलोमीटर, मेजर लीगच्या, म्हणजे तिथल्या सर्वोच्च लीगच्या मानानं कमीच.

त्याचं नाव लोकांना माहीत आहे ते वेगळ्याच कारणानं. 8 एप्रिल 1974, हँक ॲरननं बेब रूथचा रेकॉर्ड मोडणारा 715 वा होमरन (बॉल थेट कुंपणापलीकडे) मारला. ब्रेव्हजच्या पिचर्सनी बुलपेनमध्ये आपापला पट्टा वाटून घेतला होता, बॉल कुणाच्या पट्ट्यात पडेल त्याचा. पडला हाऊसच्या हातात. तो बॉल घेऊन हा माणूस पळत सुटला थेट होम प्लेटपर्यंत (बॅटर उभा राहतो ती जागा), तिथे ॲरनची आई मुलाला घट्ट धरून उभी होती आणि त्या गर्दीत घुसून यानं बॉल ॲरनच्या हातात दिला. दुसऱ्याच्या कर्तबगारीची वस्तू जपून त्याच्यापर्यंत पोचवायची, मला तर यात त्याचं पुढचं सगळं आयुष्य दिसतं.

1985 ला टेक्सस रेंजर्सचा पिचिंग कोच झाला, 1992 पर्यंत राहिला. सायकॉलॉजीत पीएचडी. पिचर्सना अमेरिकन फुटबॉल फेकायला लावायचा, हायस्पीड कॅमेऱ्यानं ॲक्शन शूट करून बघायचा, खांद्याच्या मागच्या बाजूचे व्यायाम करून घ्यायचा. लोक नावं ठेवायचे. वेगासाठी गाजलेला पिचर नोलन रायन 1989 ला रेंजर्सकडे आला तेव्हा 42 वर्षांचा होता, त्या सीझनला 301 स्ट्राइकआउट (तीन स्ट्राइकमध्ये बॅटर बाद), मग 43 आणि 44 व्या वर्षी एकेक नो-हिटर, म्हणजे अख्ख्या मॅचमध्ये समोरच्या टीमला एकही हिट नाही. 1999 ला हॉल ऑफ फेमच्या भाषणात रायननं हाऊसचा उल्लेख केला.

माझं मत स्पष्ट आहे. ज्याला देवानं वेग दिला त्याला तो कुठून येतो याचा विचार करावा लागत नाही. ज्याच्याकडे नाही तोच आयुष्यभर ते शोधतो.

शंतनू_के
केदार, लिहिलंय छान पण मला अजिबात पटलेलं नाही. रायनचे सातपैकी पाच नो-हिटर हाऊसला भेटायच्या आधीचे आहेत. वेट ट्रेनिंग सुद्धा तो एंजल्स या टीमकडे असताना म्हणजे सत्तरच्या दशकातच करायला लागला होता, जेव्हा पिचरनं वजनं उचलली तर हात आखडतो असं सगळे सांगायचे. तयार माणूस हातात आला आणि कोचचं नाव झालं.

कोच बघायचा तर कच्च्या पोरांवरून बघा ना. बॉबी विट, रेंजर्सचा तरुण पिचर. आग होती हातात. 1986 ला 143 वॉक, 1987 ला 140, दोन्ही वर्षी अमेरिकन लीगमध्ये सगळ्यात जास्त (चार बॉल बाहेर गेले की बॅटर फुकटात पहिल्या बेसवर, तो वॉक). तेव्हा कोच कोण होता? हाऊसच. आणि त्याच्या आठ सीझनमध्ये रेंजर्स एकदाही प्लेऑफला गेले नाहीत. फुटबॉल, कॅमेरा, पीएचडी सगळं ठीक आहे पण बॉल स्ट्राइक झोनमध्ये, म्हणजे बॅटरसमोरच्या ठरलेल्या चौकटीत पडत नसेल तर काय उपयोग.

ऋता_फिजिओ
मी बेसबॉलची जाणकार नाही, पण खांदे रोज हाताळते म्हणून लिहिते. बॉल सुटेपर्यंत हात वेग घेतो हे सगळ्यांना दिसतं. सुटल्यानंतर तो हात थांबवायचं काम कोण करतं? खांद्याच्या मागचे लहान लहान स्नायू आणि पाठ. आणि थांबवायला वेळ किती, तर डोळ्याची पापणी लवायच्या आत. पुढची बाजू कमावलेली आणि मागची कच्ची असा खांदा म्हणजे इंजिन दणकट आणि ब्रेक सायकलचे. जितकं थांबवू शकता तितकंच पळवा, हे हाऊस तेव्हापासून सांगतोय. आमच्याकडे अकॅडमीतली पंधरा सोळा वर्षांची फास्ट बोलर पोरं येतात, छाती आणि दंड बघून घ्यावेत, आणि मागून खांद्याचं पातं हातानं धरलं की जागेवर राहत नाही.

फुटबॉलचंही कारण साधं आहे. बॉल वजनाला साधारण तिप्पट, आणि हात चुकीच्या रेषेत आला की तो हवेत डुगडुगतो, बरोबर आला तर भोवऱ्यासारखा सरळ जातो. म्हणजे चूक पोराला स्वतःच्या डोळ्यांनी दिसते, कोचला ओरडायला लागत नाही. हे मला फार आवडलं.

निशिकांत_पुणे
मार्क प्रायरचं नाव अजून कुणीच कसं घेतलं नाही? हाऊसचा लाडका शिष्य, शाळेच्या वयापासून त्याच्याकडे. सगळीकडे लिहून यायचं की पिचिंगची ॲक्शन असावी तर अशी, पुस्तकात छापण्यासारखी. 2003 ला शिकागो कब्जसाठी 18 जिंकले, 6 हरले, 245 स्ट्राइकआउट. आणि ऑगस्ट 2006 मध्ये मेजर लीगमधली शेवटची मॅच, वय वर्षं 25. खांदा गेला. परफेक्ट म्हणून ज्याची जाहिरात केली त्याचीच ही गत झाली तर ते सायन्स नेमकं कसलं? मला त्या मुलाचं खूप वाईट वाटतं खरंच, आणि कोचनं याची जबाबदारी घ्यायला हवी होती असं माझं ठाम मत आहे.

केदार_डॅलस
निशिकांत, प्रायरचं दुःख मलाही आहे, पण हिशोब पूर्ण मांडा. 2003 च्या सप्टेंबरमध्ये मॅनेजर डस्टी बेकरनं त्याला जवळजवळ प्रत्येक मॅचला 120 च्या वर बॉल टाकायला लावले, एकदा 133. त्याच वर्षी जुलैमध्ये बेसवर पळताना मार्कस जाइल्सशी टक्कर होऊन तो खांद्यावर आपटला. 2005 ला सरळ मारलेला बॉल येऊन कोपरावर बसला, हाड मोडलं. यातलं हाऊसच्या हातात काय होतं? पोराला पोहायला शिकवलं आणि कुणीतरी त्याला पुरात ढकललं तर शिकवणाऱ्याला बोल लावणार का.

शंतनू, विटचा मुद्दा मान्य आहे, त्यावर माझ्याकडे उत्तर नाही.

निशिकांत_पुणे
पिच काउंटचं, म्हणजे किती बॉल टाकायला लावले त्याचं मान्य. पण मग उलट बाजूनंही तोच न्याय लावा की, रायन 46 व्या वर्षापर्यंत खेळला याचं श्रेय सुद्धा त्याच्या टेक्ससच्या हाडापेराला द्या. यश आलं की कोचचं आणि दुखापत झाली की मॅनेजरची, असं नाही चालत.

मिलिंद_जर्सी
स्टिरॉइड्सचं काय? 2005 मध्ये हाऊसनं स्वतः सांगितलं की सत्तरच्या दशकात खेळताना त्यानं घेतली होती. माझ्या दृष्टीनं विषय तिथेच संपतो. मी इथे मुलांच्या टीमला मदत करतो, उद्या एखाद्या मुलानं विचारलं तर काय सांगू, की तुमच्या आवडत्या कोचनं सुद्धा घेतली होती? माझ्या मुलाच्या खांद्यावर मी अशा माणसाला हात ठेवू देणार नाही. कितीही शिकलेला असू दे.

ऋता_फिजिओ
मिलिंद, तुमचा राग समजते. पण मला तीच गोष्ट दुसऱ्या बाजूनं दिसते. त्याला कुणी पकडलं नव्हतं. पंचवीस तीस वर्षांनी आपण होऊन बोलला, वजन वाढलं, गुडघ्यांची वाट लागली, आणि इतकं करून बॉलचा वेग काही वाढला नाही हेही सांगितलं. पोरं माझं ऐकत नाहीत हो, मी डिग्रीवाली बाई. ज्याचे गुडघे गेलेत त्याचं ऐकतात. तुम्ही तुमच्या टीमला हे नक्की सांगा, लपवू नका.

मिलिंद_जर्सी
सांगेन. मत मात्र बदललेलं नाही.

डोंबिवलीचा_सुहास
बेसबॉल कधी बघितला नाही पण धागा सोडवत नाहीये. आचरेकर सर फर्स्ट क्लासची एकच मॅच खेळले होते आणि शिवाजी पार्कातून त्यांनी काय माणसं दिली ते मी सांगायला नको. त्यामुळे केदार यांच्या मित्राचा मूळ मुद्दा मला मान्य नाही.

आणि 2008 ला ती भारतात स्पर्धा झाली होती ना, सगळ्यात जोरात बॉल फेकणारा शोधायची? उत्तर प्रदेशातली दोन पोरं निवडली, रिंकू सिंग आणि दिनेश पटेल (केकेआरचा रिंकू नव्हे). त्यांना अमेरिकेत शिकवणारा हाच का हाऊस?

केदार_डॅलस
हो सुहास, हाच, आणि हे मूळ पोस्टमध्येच यायला हवं होतं. दोघंही लखनौच्या स्पोर्ट्स कॉलेजमधले भालाफेकवाले, बेसबॉल हातात धरलेला नाही, ग्लोव्ह कुठल्या हातात घालायचा तिथपासून सुरुवात. लॉस एंजेलिसला यूएससीमध्ये (तिथली युनिव्हर्सिटी) हाऊसनं त्यांना शिकवलं आणि त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये पिट्सबर्ग पायरेट्सनं दोघांना करारबद्ध केलं. अमेरिकन प्रोफेशनल बेसबॉलमध्ये करार मिळालेले ते पहिले भारतीय. काही महिन्यांत! भाला पळत येऊन फेकतात, पिचरला एका जागेवरून एकच पाऊल, सगळं अंग नव्यानं बसवायला लागतं.

शंतनू_के
पण मेजर लीगपर्यंत दोघांतला एकही गेला नाही. दिनेशला 2010 च्या शेवटी सोडून दिलं, रिंकू मेजर लीगच्या खालच्या ए लेव्हलपर्यंत गेला, मग दुखापती, नंतर कुस्तीच्या शोमध्ये. 18-19 वर्षांची पोरं घरापासून इतक्या लांब आणली, त्यांच्यावर सिनेमा निघाला, आणि बॉल टाकायला वर्षं मिळाली दोन-चार. मी हाऊसला वाईट म्हणत नाही, त्यानं मनापासून शिकवलं असणार. पण 42 व्या वर्षाचा रायन आणि 19 वर्षांचा रिंकू यांच्यामधलं जे अंतर आहे तिथे कोचचं काम असतं, आणि त्या अंतरातून पार पडलेला एक तरी कच्चा पिचर दाखवा. ड्रू ब्रीस, टॉम ब्रेडी नका सांगू, ते अमेरिकन फुटबॉलमधले क्वार्टरबॅक (बॉल फेकणारे) होते, त्याच्याकडे आले तेव्हा नावाजलेलेच होते.

केदार_डॅलस
ब्रीसचा खांदा 2005 च्या शेवटच्या दिवशी निखळला होता, लोक म्हणत होते संपला. तो परत उभा राहिला त्यात हाऊसचाही वाटा आहे. तरी तुमचा प्रश्न रास्त आहे, कच्च्यातून घडवलेला मोठा पिचर मला पटकन दाखवता येत नाही. प्रायर तसा झाला असता.

पण प्रायर आज काय करतो बघा. 2020 ला लॉस एंजेलिस डॉजर्सचा पिचिंग कोच झाला, त्याच वर्षी ते वर्ल्ड सिरीज (मेजर लीगची फायनल) जिंकले, 2024 ला पुन्हा. ज्याचा स्वतःचा खांदा 25 व्या वर्षी गेला तो आता दुसऱ्यांचे खांदे सांभाळतोय. हे हाऊसच्या खात्यात मांडायचं की नाही मला माहीत नाही, पण मला ते सोडवत नाही.

आणि मी एवढा का तावातावानं बोलतोय तेही सांगतो. माझा मुलगा बारा वर्षांचा, पिचर आहे. मागच्या वर्षी इथल्या एका टीमच्या कोचनं, नाव घेत नाही, शनिवारी सकाळी आणि दुपारी दोन्ही मॅचला त्याला उभं केलं. मी कुंपणापलीकडे बोटावर मोजत होतो, शंभराच्या वर गेले. लिटल लीगमध्ये (मुलांच्या बेसबॉल लीगमध्ये) या वयाला दिवसाला 85 ची मर्यादा आहे, पण ही टीम त्यात नव्हती. रात्री पोराला टूथब्रश तोंडापर्यंत नेता येईना. बायको काही बोलली नाही, नुसती माझ्याकडे बघत राहिली.

त्यानंतर टीम सोडली आणि मी हाऊसचं वाचायला लागलो. आता रोज संध्याकाळी ड्राइव्हवेवर टॉवेल ड्रिल करतो. पोराच्या हातात बॉल नाही, नॅपकिन. मधल्या बोटाशी टोक धरायचं, मी समोर गुडघ्यावर बसून ग्लोव्ह धरतो, त्याच्या पावलाच्या जरा पुढे. पूर्ण ॲक्शन करून नॅपकिनचं दुसरं टोक ग्लोव्हवर बसलं पाहिजे. छाती लवकर उघडली की वीतभर कमी पडतं, पुढच्या पायावर नीट गेला की फटकन आवाज येतो. खांद्यावर बॉलचा ताण नाही. पहिल्या आठवड्यात वीसात तीन लागायचे.

ऋता_फिजिओ
फोटो किंवा व्हिडिओ टाकाल का, बाजूनं काढलेला? पुढचं पाऊल कुठे पडतं ते बघायचंय. आणि हात थांबल्यावर पाठ वाकते की नुसता खांदाच फिरतो तेही.

केदार_डॅलस
टाकतो उद्या, आज इथे पाऊस आहे. काल वीसात चौदा लागले.

शंतनू_के
विटबद्दल माझं म्हणणं कायम आहे. पण मुलाचा खांदा आता कसा आहे ते कळवा.