मदत हवी आहे: वेस्टर्न व्हीटग्राससाठी थांबावं की पुन्हा पेरावं?

नमस्कार मंडळी. कॅनडात दक्षिण सस्कॅचवानमध्ये, स्विफ्ट करंटजवळ आमची थोडी जमीन आहे. माती चिकण, पाणी फक्त पावसाचं आणि बर्फाचं. तिथलं क्रेस्टेड व्हीटग्रास (मूळचं युरेशियातलं, पूर्वीच्या मालकांनी लावलेलं) हटवून प्रेअरीचं (इथल्या गवताळ माळरानाचं) मूळ गवत परत आणायचं आहे.

गेल्या मे महिन्यात वेस्टर्न आणि स्लेंडर व्हीटग्रास या इथल्या दोन मूळ गवतांच्या बियांचं मिश्रण पेरलं. स्लेंडर झपाट्याने वर आलं, वेस्टर्न मात्र अगदी विरळ. वेस्टर्न सावकाश रुजतं आणि मग जमिनीखालच्या आडव्या खोडांनी पसरतं, हे माहीत आहे. स्लेंडर अल्पायुषी, म्हणजे पुढे जागा मोकळी होईल. पण ती जागा क्रेस्टेड आधी बळकावेल, ही खरी धास्ती! म्हणून त्याला बी धरण्याआधी कापणी करतो. शेजारी कधीच न नांगरलेली प्रेअरी आणि पाणथळ आहे, त्यामुळे तणनाशक आणि नांगरणी दोन्ही नकोत. गुरं सोडलेली नाहीत.

पाणथळीच्या कडेला स्लेंडर आणि फॉक्सटेल बार्ली (आणखी एक रानगवत) यांच्या मधली वाटणारी काही झाडंही आहेत, दाणे पोकळ. या दोघांचा वांझ संकर निसर्गात होतो, तोच असावा, म्हणून ती उपटलेली नाहीत.

अशा कोरड्या भागात ज्यांनी हे काम केलंय त्यांना विचारतो: दुसऱ्या हंगामाअखेर चौरस मीटरला वेस्टर्नची किती रोपं असली तर निर्धास्त थांबावं, आणि त्याहून कमी असतील तर बर्फ पडण्याआधी उभ्या स्लेंडरमध्येच वेस्टर्नचं बी टाकून उपयोग होतो का?